जुनेराची उशी

गेल्या दिवाळीच्या आवराआवरीत आमच्या घराच्या माळ्यावरून एक जुनी उशी खाली आली. वजनाला जड, हाताला टणक, आणि अभ्रा इतका विरलेला की उचलता उचलताच त्याची शिवण सुटली. आत कापूस असेल असे आम्हांस वाटले होते. निघाल्या त्या चिंध्या. ओसरीवर त्यांचा ढीग पडला. हे सारे कचऱ्याच्या गाडीत जाऊ द्यावे, असा सल्ला घरातील तरुण मंडळींनी दिला. धुळीचा ठसका सर्वांनाच लागला असल्यामुळे तो अगदीच अवाजवी होता असे म्हणवत नाही. परंतु जमिनीतून फुटके खापर निघाले तरी ते कोणत्या थरातले हे पाहिल्यावाचून इतिहासाच्या अभ्यासकाला चैन पडत नाही. खापराला जो मान, तो चिंधीला का नसावा? आम्ही चटई अंथरली आणि चिंध्या वेगवेगळ्या करू लागलो. आजच्या व्याख्यानाचा विषय त्या चटईवर सापडला.

विषय ऐकून काही श्रोत्यांच्या चेहऱ्यांवर हसू उमटले आहे, ते आम्हांला दिसते. वसंत व्याख्यानमालेच्या व्यासपीठावरून राज्यांचे उदयास्त सांगावेत, घटनेची चर्चा करावी, फार तर एखाद्या संतकवीचे चरित्र उलगडावे. उशीचे काय सांगायचे? आमचे म्हणणे असे की, जुन्या कपड्यांनी भरलेली उशी आणि तिची थोरली बहीण गोधडी या दोन्ही वस्तू म्हणजे एका फार जुन्या हिशेबाची अखेरची पाने आहेत. हिशेब कापडाचा होता आणि तो ठेवणाऱ्या बहुतेक बायकांना लिहिता येत नव्हते. म्हणून तो दप्तरात सापडत नाही, उशीत सापडतो.

माणूस जीर्ण वस्त्रे टाकून नवी घेतो तसा आत्मा देह बदलतो, हा दृष्टान्त गीतेच्या दुसऱ्या अध्यायातला. तो आपण सर्वांनी लहानपणापासून ऐकलेला आहे. आत्म्याचे पुढे काय होते हे तेथे सांगितले आहे. त्या टाकलेल्या वस्त्राचे पुढे काय होते हे कोणी विचारले नाही. तो प्रश्न घरातील बायकांकडे आला, आणि त्यांनी तो तत्त्वज्ञानाची मदत न घेता सोडवला.

आधी शब्दांकडे पाहू. उशी हा शब्द संस्कृतातील उच्छीर्षक या शब्दापासून प्राकृत उस्सीस या रूपातून आपल्याकडे आला. डोके उंचावर ठेवणारी ती उशी. त्याहून जुना शब्द उपबर्हण. अथर्ववेदाच्या पंधराव्या कांडात व्रात्यासाठी आसन मांडले आहे, त्यात उशीच्या जागी साक्षात् ब्रह्म आहे. इतकी मोठी उशी नंतर कोणाच्या वाट्याला आली नाही. जुन्या कापडाला अमरकोशात पटच्चर असे नाव दिले आहे. आणि त्याच कोशात चोराच्या नावांत पाटच्चर हा शब्द येतो. या दोहोंचे नाते काय, ते वैयाकरणांनी सांगावे. पण मराठीतही चिंधीचोर हा शब्द आहेच. आज आपण तो क्षुद्र माणसाला लावतो, परंतु ज्या वस्तूला किंमतच नाही तिची चोरी कोण करील? चिंधी चोरण्याजोगी होती, असा काळ या शब्दामागे उभा आहे.

मराठीत जुन्या कापडाला जितकी नावे आहेत तितकी नव्या कापडाला असतील की नाही, याची आम्हांला शंका आहे. मोल्सवर्थचा कोश १८३१ साली निघाला आणि त्याची वाढवलेली आवृत्ती १८५७ साली आली. तो उघडून बसावे आणि जुनेर, चिरगूट, फडके, चिंधी, लक्तर, पोतेरे हे शब्द पाहत जावे. हे समानार्थी शब्द नव्हेत, एकाच वस्त्राची उतरती वये आहेत. लुगडे वापरून मऊ झाले, की ते जुनेर. अंगावर घालण्यासारखे उरले नाही, की त्याचे बाळासाठी दुपटे, अंथरुणासाठी गोधडीचा थर, डोक्याखाली उशी. गोधडी झिजली की तिचे धड तुकडे निघून फडकी होत. फडके कळकट झाले की पोतेरे. जमीन सारवता सारवता पोतेऱ्याचा शेवट शेणामातीतच होई. कोणाकोणाचा चुलीत होई, आणि मजबूत सुती चिंधी असली तर पलित्याच्या टोकाला.

ही उतरंड ऐकताना आम्हांला एका दुसऱ्या उतरंडीची आठवण होते. ती अडीच हजार वर्षांपूर्वीची म्हणून सांगितली जाते आणि सुदैवाने लिहून ठेवलेली आहे. पाली विनयपिटकाच्या चुल्लवग्गात कथा आहे. बुद्धाच्या निर्वाणानंतर आनंद कौशांबीस गेला असता उदेन राजाच्या राण्यांनी त्याला पाचशे वस्त्रे दान केली. राजाला राग आला. इतक्या वस्त्रांचे हा श्रमण करणार काय, दुकान घालणार की काय? त्याने आनंदाला गाठून विचारले. आनंद म्हणाला, ज्या भिक्षूंची चीवरे विरली आहेत त्यांना वाटून देऊ. मग जुन्या चीवरांचे काय? त्यांचे पलंगपोस करू. जुन्या पलंगपोसांचे? गादीच्या खोळी. जुन्या खोळींचे? जमिनीवरची अंथरुणे. पुढे पायपुसणी, पुढे धूळ झटकण्याची फडकी. आणि फडकी फाटली की? त्यांचे तुकडे करून चिखलात मळू आणि त्याने जमीन लिंपू. राजा इतका संतुष्ट झाला की त्याने आणखी पाचशे वस्त्रे दिली. पोतेऱ्यापाशी संपणारा आमच्या आज्यांचा क्रम आणि लिंपणापाशी संपणारा आनंदाचा क्रम यांत फारसे अंतर नाही. एवढेच की, आनंदाला विचारायला राजा आला आणि उत्तर ग्रंथात गेले.

त्याच चुल्लवग्गात भिक्षूंच्या बिछान्याविषयीचे नियम आहेत. गादी पाच प्रकारची चालेल असे सांगितले आहे : लोकर, कापड, झाडाची साल, गवत आणि पाने यांनी भरलेली. कापडाने भरलेली गादी याचा अर्थ उघड आहे. उशीविषयीही एक तंटा नोंदला आहे. काही भिक्षू अर्ध्या अंगाएवढ्या लांब उश्या वापरू लागले, लोकांनी नावे ठेवली, तेव्हा उशी डोक्याएवढीच असावी असा नियम झाला. नियम होतो तेव्हा आधी कोणी तरी लोळलेला असतो, हे इतिहासाचे सर्वसाधारण सूत्र येथेही लागू पडते.

हे सारे मगधाकडचे झाले, असे कोणी म्हणेल. तर आपण नाशिकला येऊ. पांडवलेण्यांतील दहाव्या लेण्यात नहपान क्षत्रपाचा जावई उषवदात याचा लेख आहे. काळ इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकाचा. लेणे तर त्याने दिलेच, शिवाय तेथे वर्षावासाला राहणाऱ्या भिक्षूंसाठी ३,००० कार्षापणांची कायम ठेव गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे ठेवली. त्यांपैकी २,००० कार्षापण दरमहा शेकडा एक या व्याजाने होते. त्या व्याजातून वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी द्यावयाचे. श्रोत्यांनी मनातल्या मनात गुणाकार करून पाहावा. २,००० वर दरमहा २०, म्हणजे वर्षाचे २४०. आणि वीस भिक्षूंचे बारा-बाराप्रमाणे तेही २४०. एक कार्षापण शिल्लक नाही, एक कमी नाही. एका माणसाच्या वर्षाच्या वस्त्रासाठी शंभर कार्षापण कायमचे अडकवून ठेवावे लागतात, तेव्हा ते वस्त्र फाटले म्हणून कोणी फेकून देत नाही. त्या भिक्षूंचा पंथ कोणता आणि तो पाली विनय पाळत होता का, हा वाद आम्ही येथे उकरत नाही. पण ज्यांनी सह्याद्रीच्या लेण्यांतील कोठड्यांमधले दगडी ओटे पाहिले आहेत, त्यांना त्यांवर काहीतरी अंथरल्याशिवाय निभाव लागला नसणार, हे सांगावयास नको.

कापड इतके मोलाचे का होते, याचे एक उत्तर आमच्या गावगाड्यातही सापडते. बारा बलुतेदारांची नावे घ्या. सुतार, लोहार, कुंभार, चांभार, परीट, न्हावी सापडतील. प्रांताप्रांताने एखादे नाव इकडचे तिकडे होईल. विणकर मात्र त्यांत सहसा सापडणार नाही. मडके घरबसल्या बलुत्यावर मिळे, नांगराचा फाळ बलुत्यावर शेवटून मिळे. धोतर-लुगड्यासाठी बाजाराची वाट धरावी लागे आणि गाठीचा पैसा किंवा धान्य मोजावे लागे. साळी, कोष्टी, मोमीन यांच्या मागावरचे कापड आठवड्याच्या बाजारात येई. त्या मागाला पुरेसे सूत मिळावे म्हणून कित्येक घरांत चरखे चालत. शेतकऱ्याच्या घरात मीठ आणि कापड या दोन जिनसा बाहेरून आणावयाच्या. मीठ खाऊन संपे, कापड मात्र संपू द्यावयाचे नसे.

आता प्रत्यक्ष उशीकडे वळू. जुनेराची उशी भरणे हे वाटते तितके सोपे काम नव्हे. आम्ही ओसरीवरच्या त्या चिंध्या धुऊन पुन्हा भरण्याचा प्रयत्न केला तेव्हा ते समजले. पहिल्या खेपेस उशीत चार गाठोडी बांधल्यासारखे उंचवटे आले आणि मान आखडली. मग घरातील वडीलधाऱ्या काकूंनी ते काम आमच्या हातून काढून घेतले. त्यांचे म्हणणे, कापूस पिंजल्याने फुलतो, चिंधी कधी फुलत नाही. म्हणून तिची जाडी आपणच राखावी लागते. शिवणी, काजे, बटणे, नाडीचे नेफे आधी कापून टाकायचे, कारण मानेला टोचते ते हेच. कापड कात्रीने न कापता हाताने उभे फाडायचे, म्हणजे धागा सरळ सुटतो. तुकडे दोन बोटांएवढे, आणि जाड कापड बारीक कापडात मिसळायचे नाही. सर्वांत मऊ तुकडे बाहेरच्या बाजूला, राठ तुकडे गाभ्याला. कोपरे आधी ठासून भरायचे, पोट मागून. दुसरा प्रकार घडीच्या उशीचा : जुनेराच्या घड्या एकावर एक घालून, कडेने आत येत धावदोरा टाकायचा. अशी उशी चपटी होते, पण वर्षानुवर्षे गोळे होत नाहीत. सावरीच्या कापसाची उशी पाण्यात घातली तर बिघडते. चिंध्यांची उशी उसवावी, चिंध्या उकळत्या पाण्यातून काढाव्यात, चैत्राच्या उन्हात पसराव्यात, संध्याकाळी पुन्हा भराव्यात. पिंजारी दारावर येण्याची वाट पाहावी लागत नाही.

गोधडीचे शास्त्र याहून मोठे. खाली नऊवारी लुगडे ताणून अंथरायचे, त्यावर धोतरे, सदऱ्यांच्या पाठी, परकराचे घेर असे थर लावायचे, वर दुसरे बरे लुगडे, आणि चार बाजूंना चार जणी बसून कडेकडून मध्याकडे टाके घालत यायचे. उन्हाळ्यात शेतीची कामे थंडावली की अंगणात हे चाले. टाका सरळ असावा असा आग्रह असे. चार हातांचा टाका मध्यावर एकमेकांस मिळाला की नाही, यावर त्या चौघींची परीक्षा होई. तान्ह्या बाळाच्या दुपट्याला कापड निवडताना ते आजीचे किंवा पणजीचे असावे अशी चाल होती. दीर्घायुष्याचा आशीर्वाद हे त्याचे सांगितलेले कारण. पन्नास धुण्यांनी मऊ झालेले सूत बाळाच्या कातडीला बाधत नाही हे न सांगितलेले. आमच्या मते दुसरे कारण पहिल्यापेक्षा जुने असावे.

उशी झोपतानाच लागते असेही नाही. डोक्यावर हंडा किंवा पाटी घेणाऱ्या बाईची चुंबळ ही चिंध्यांची वळलेली उशीच होय. घोड्याच्या पाठीवरचे खोगीर हीसुद्धा एक उशीच, आणि तिच्या पोटात काय भरीत त्याची साक्ष खोगीरभरती या शब्दाने दिली आहे. निरुपयोगी माणसांची गर्दी असा त्याचा अर्थ आज आपण घेतो, आणि साहित्यसंमेलनाच्या मांडवात तो फार वेळा आठवतो. परंतु दौडीवर निघालेल्या मराठा शिलेदाराच्या घोड्याची पाठ ज्या भरतीमुळे सोलवटली नाही, तिला निरुपयोगी म्हणणे कृतघ्नपणाचे आहे. गादी या शब्दाचे नशीब नेमके उलटे. सातारची गादी, कोल्हापूरची गादी असे म्हणताच राज्य डोळ्यांपुढे येते. गोधडी म्हणताच फकीर, गोसावी किंवा गाडगेबाबा. बाबांचा जन्म १८७६ चा, निधन १९५६ चे; ठिगळांच्या वस्त्रामुळे लोक त्यांना गोधडेबुवा आणि चिंधेबुवाही म्हणत. ज्याला लाखो रुपयांच्या धर्मशाळा उभ्या करता आल्या त्याने अंगावर चिंध्या ठेवल्या, त्या नाइलाजाने नव्हेत हे उघडच आहे.

गोधडी ही काही मराठी माणसाचीच मिरास नव्हे. बंगालमध्ये जुन्या साड्यांच्या थरांवर टाके घालून कांथा करतात, आणि तिच्या प्रकारांत उशीच्या अभ्र्याला स्वतंत्र नाव आहे. गुरुसदय दत्त या सनदी अधिकाऱ्याने नोकरीच्या निमित्ताने खेड्यापाड्यांत हिंडताना अशा कांथा जमवल्या. १९४१ मध्ये ते वारले, पण तो संग्रह कोलकात्याच्या संग्रहालयात राहिला. उत्तर कन्नड जिल्ह्यातील सिद्दी स्त्रिया कवंदी शिवतात. पोर्तुगीजांच्या काळात गोव्यात गुलाम म्हणून आणलेल्या आफ्रिकी माणसांपैकी जे निसटून घाटावरच्या रानांत आले, त्यांचे वंशज या समाजात आहेत. त्यांच्यांत कोकणी आणि मराठी बोलणारेही आहेत. कवंदीच्या चारही कोपऱ्यांवर कापडाच्या लहान तुकड्यांचे फूल लावल्याशिवाय ती उघडी राहिली असे त्या मानतात. सर्वस्व हिरावून घेतलेल्या माणसांनी चिंध्यांतून फुले काढावीत, यावर आम्ही अधिक काही बोलत नाही. आमच्या वाकळीला मात्र कोणी गुरुसदय दत्त वेळेवर भेटला नाही.

भेटली ती आग. १८९६ च्या पावसाळ्याअखेर मुंबईत प्लेग आला आणि पुढल्या वर्षाच्या आरंभी पुण्यात पसरला. फेब्रुवारी १८९७ मध्ये साथरोगांचा कायदा झाला. रँडच्या अमलात सोजीर घरोघर शिरले, आणि त्या दिवसांची आठवण आपण बहुधा २२ जून १८९७ च्या रात्रीपाशी आणून सोडतो. घराची झडती झाली, देवघर बाटले, बायकांची विटंबना झाली, या तक्रारी इतिहासात आल्या आहेत. जळालेल्या अंथरुणांची गोष्ट मात्र ओळीआड राहते. रोगी निघाला की त्याच्या घरातील वळकट्या, गोधड्या, उश्या बाहेर काढून जाळीत. न्यायाने बोलायचे तर तो उपाय अगदीच वेडेपणाचा नव्हता. उंदरावरची पिसू प्लेग पसरवते हे सिमाँ या फ्रेंच वैद्याने १८९८ मध्ये मांडले आणि परळच्या प्रयोगशाळेतील कामाने पुढे ते पक्के झाले; पिसू गोधडीत राहू शकते. परंतु ज्या घरातील तीन पिढ्यांची लुगडी त्या अंथरुणात होती त्या घरातील बाईने रस्त्यावरच्या त्या ढिगाकडे पाहिले तेव्हा तिचे काय जळत होते, हे प्लेगच्या अहवालात शोधून सापडणार नाही.

दुसरी आग आपण स्वतः लावली. ऑक्टोबर १९०५ मध्ये सावरकरांच्या पुढाकाराने पुण्यात परदेशी कपड्यांची होळी झाली. ३१ जुलै १९२१ रोजी परळला गांधीजींच्या हातून झाली. त्या दुसऱ्या होळीवर अँड्र्यूजसाहेबांनी हरकत घेतली, आणि गांधीजींनी उत्तर दिले की, जे आपण त्याज्य ठरवले ते गरिबाच्या अंगावर घालणे हा त्याचा अपमान होय. राजकारण म्हणून ते उत्तर सबळ होते आणि होळीने जी जाग आणली ती चिंध्यांच्या हिशेबात मोजता येणार नाही. तरीही ज्यांना एकच लुगडे होते त्यांच्या मनात त्या ज्वाळा पाहून काय आले असेल, हा प्रश्न आम्हांला निकालात निघालेला वाटत नाही.

गोधडी आगीने संपली नाही, हे मात्र खरे. मुंबईत १८५४ मध्ये दावरांनी गिरणीची कंपनी काढली, दोन वर्षांत तिचे चाते फिरू लागले. १८७७ मध्ये नागपुरास एंप्रेस मिल निघाली. कापड स्वस्त झाले, तशी जुनेरेही वाढली, आणि काही काळ तरी गोधड्या पूर्वीपेक्षा अधिक झाल्या असाव्यात असा आमचा तर्क आहे. कोकणातून आणि देशावरून गिरणगावात आलेला कामगार एक पत्र्याची पेटी आणि एक वळकटी घेऊन येई. त्या वळकटीत आईच्या हातची गोधडी असे, आणि पाळी बदलली की खोलीतल्या त्याच जागेवर दुसऱ्याची वळकटी उलगडे. दुसऱ्या महायुद्धात, १९४३ पासून, कापडावर नियंत्रण आले तेव्हा पांढरपेशा घरांनाही पुन्हा जुनेर जपावे लागले.

खरा घाव बोहारणीने घातला, आणि तोही हसतमुखाने. जुने कपडे द्या, भांडी घ्या. घरातल्या बाईच्या हाती स्वतःचा पैसा नसे. फाटक्या साडीचे पातेले होते हा तिच्या हातचा एकमेव व्यापार, आणि त्यातली घासाघीस दुपारभर रंगे. पितळेच्या जागी स्टेनलेस स्टील आले तसा तो व्यापार अधिकच आकर्षक झाला. गोधडीच्या पेटीत जायचे ते कापड बोहारणीच्या गाठोड्यात जाऊ लागले. तिच्याकडून ते बाजारात जाई आणि डागडुजी होऊन दुसऱ्या कोणाच्या अंगावर चढे, म्हणजे वाया जात नसे. पण घराबाहेर जाई. मग १९६० नंतर नायलॉन आणि टेरिलीन आले. हे कापड विरत नाही, मऊ होत नाही, घाम टिपत नाही, पाणी पुसत नाही. त्याचे पोतेरे होत नाही आणि पेटवले तर वितळते. उतरंडीच्या एकाही पायरीवर ते बसत नाही. जे वस्त्र म्हातारे होत नाही, त्याला उतारवयाची नावे मिळत नाहीत. मोल्सवर्थच्या कोशातले ते अर्धा डझन शब्द आजच्या मुलांना ठाऊक नाहीत याचे कारण भाषेची हेळसांड हे नसून हे कापड आहे, असे आम्हांस वाटते.

आता ओसरीवरच्या ढिगाकडे परत येतो. वरच्या थरात छापील पातळाचे तुकडे होते, एक खाकी पट्टी होती, मांजरपाटाची बाही होती. त्यांच्या खाली इरकलीचा काठ, रंग अजून धरून असलेला. कोणाच्या तरी मुंजीतली लंगोटी. ही उशी पुन्हा पुन्हा उसवून भरलेली होती हे उघड होते, कारण टाके तीन निरनिराळ्या दोऱ्यांचे होते. आणि अगदी गाभ्याला, दुसऱ्या कापडात गुंडाळलेले, हातभर लांबीचे एक जाड तांबडे कापड निघाले. काकूंनी ते पाहिले आणि म्हणाल्या, "हे आलवण आहे."

केशवपन झालेल्या विधवेच्या अंगावरचे ते लाल लुगडे. आजच्या तरुण श्रोत्यांपैकी कोणी ते पाहिलेले नसणार. काकूंनीही आमच्या घरात ते नेसलेली बाई पाहिली नव्हती, पण त्यांच्या सासूबाईंकडून ऐकले होते. आमच्या पणजोबांना एक बहीण होती. लग्नानंतर वर्षाच्या आत परत आली ती मरेपर्यंत स्वयंपाकघरात राहिली. मुले तिला तांबडी आत्या म्हणत.

"नाव काय होतं त्यांचं?" आम्ही विचारले.

काकू म्हणाल्या, "ते सासूबाईंनाही माहीत नव्हतं."

आम्ही कुलवृत्तांत काढून पाहिला. पणजोबांचे नाव आहे, त्यांच्या तीन भावांची आहेत, कोणी पेन्शन किती घेतली हेही आहे. बहिणीची ओळ नाही. अण्णासाहेब कर्व्यांनी अनाथ बालिकाश्रम काढला तो १८९६ साली. अदमासे त्याच काळात ही बाई आमच्या चुलीपुढे बसलेली होती, आणि तो आश्रम आमच्या गावापासून फार लांब नव्हता. तिला तेथे नेण्याचे कोणाच्या मनात आले नसेल, की आले असून धाडस झाले नसेल, हे आता कळण्यास मार्ग नाही. आम्ही घरात आजवर पणजोबांच्या विद्वत्तेच्याच गोष्टी ऐकत आलो.

आलवणाचे कापड इतरांच्या अंथरुणात घालणे त्या काळी अशुभ मानीत. मग ते उशीत गेले कसे? कापड वाया जाऊ नये म्हणून एखाद्या काटकसरी बाईने ते कोणाला दिसू नये अशा बेताने गाभ्यात दडपले, हा एक अर्थ. घरात जिची दुसरी काहीच खूण उरणार नव्हती तिचे काहीतरी राहावे, असे कोणाच्या तरी मनात आले, हा दुसरा. इतिहासाच्या शिस्तीने पाहता पहिल्या अर्थाला पुरावा अधिक आहे. परंतु मग ते वेगळ्या कापडात गुंडाळले का, आणि त्यानंतर दोनदा उशी उसवली गेली तेव्हा त्या दोघींनीही ते बाहेर न टाकता पुन्हा गाभ्यालाच का ठेवले, याचे उत्तर काटकसरीने मिळत नाही.

त्या चिंध्या आम्ही उकळून चार दिवस उन्हात वाळवल्या. खाकी पट्टी कुजली होती ती गेली. संग्रहालयाला द्यावे म्हणून आलवण आम्ही वेगळे काढून ठेवले होते, आणि तसे बोलूनही दाखवले. काकू उशी भरत होत्या. त्यांनी कोपरे ठासले, मऊ तुकडे कडेला लावले, मग हात पुढे करून ते तांबडे कापड आमच्याकडून मागून घेतले, जुन्याच फडक्यात गुंडाळले आणि मधोमध ठेवून शिवण घातली. दोरा पांढरा वापरला. नवा अभ्रा सूनबाईंच्या एका सुती साडीचा केला आहे.